अझीझा अमीर यांना इजिप्तच्या सिनेमाची आई का म्हणतात?

कारण त्या नुसत्या पडद्यावर दिसल्या नाहीत, सिनेमाच त्यांनी उभा केला. यूसुफ वहबींच्या रमसीस नाटक मंडळीतून आलेल्या या बाईंनी 'लैला' हा मूकपट स्वतः काढला आणि नायिकाही झाल्या. आधीचे दिग्दर्शक वदाद ओर्फी यांचं काम पटेना, तेव्हा त्यांना बाजूला करून स्तेफान रोस्तींकडून चित्रपट पुरा करून घेतला. १९२७च्या नोव्हेंबरात तो कैरोत लागला. त्या काळी एका स्त्रीने निर्माती म्हणून असा निर्णय घेणं, मला तर हेच त्यांचं सर्वांत मोठं काम वाटतं! पुढे १९२९ मध्ये 'बिन्त अल-नील' म्हणजे नीलकन्या, मग दिग्दर्शनही. १९५२ मध्ये त्या गेल्या.