नाशिकमध्ये विसार (आगाऊ रक्कम) घेऊनही खरेदीखत न झालेल्या भूखंड व्यवहारातून दाखल झालेला फसवणुकीचा गुन्हा खटल्याआधी रद्द होऊ शकतो का?

होऊ शकतो, परंतु नाशिकच्या न्यायालयात नव्हे. गुन्हा रद्द करण्याचा अंगभूत अधिकार भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 528 नुसार (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 482) उच्च न्यायालयाचा असल्याने नाशिककरांना त्यासाठी मुंबईच्या मुख्य पीठाकडे जावे लागते. गुन्हा केव्हा रद्द करता येतो याचे निकष घालून देणाऱ्या भजनलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितल्याप्रमाणे, फिर्यादीतील मजकूर जसाच्या तसा खरा मानूनही गुन्हा घडत नसेल, किंवा कारवाई उघडपणे सूडबुद्धीची असेल, अशा मोजक्या परिस्थितींतच हा अधिकार वापरला जातो. तुमच्या प्रकरणात प्रश्न एवढाच, की विसार घेतानाच फसवण्याचा हेतू होता का. केवळ खरेदीखत नंतर झाले नाही, एवढ्याने फसवणूक ठरत नाही. मात्र साक्षीपुरावा तोलायला उच्च न्यायालय या टप्प्यावर सहसा बसत नाही, हे अनेक अशिल (आणि काही वकीलही) विसरतात.

आपसांत तडजोड झाल्यास सर्वोच्च न्यायालयाच्या ग्यान सिंग निकालानुसार (2012) असे दिवाणी स्वरूपाचे गुन्हे रद्द होऊ शकतात. खून, बलात्कार यांसारखे गंभीर गुन्हे मात्र तडजोडीवर रद्द होत नाहीत. दोषारोपपत्र आधीच दाखल झाले असेल, तर न्यायालयाने आरोप निश्चित करण्यापूर्वी नाशिकमध्येच दोषमुक्तीचा (खटला न चालवता आरोपातून सुटका मागणारा) अर्ज करणे माझ्या मते कमी खर्चाचे ठरते.