साहेब ‘बघतो’ म्हणाले म्हणून थांबू नका

प्रश्न (धायरी): सातबारा आमच्या नावावर आहे, तरी पुणे महापालिकेनं पावसाळी गटार टाकताना आमची ४ फूट पट्टी घेतली. नोटीस नाही, पैसे नाहीत. क्षेत्रीय कार्यालयात ४ महिने नुसतं “बघतो” चाललंय.

उत्तर: ४ महिने गेले हेच जास्त खटकलं मला. महापालिका कायद्याच्या कलम ४८७ प्रमाणे दावा लावायच्या आधी १ महिन्याची लेखी नोटीस द्यावी लागते आणि कारण घडल्यापासून ६ महिन्यांत दावा लावावा लागतो, म्हणजे तुमच्याकडे उरले २, त्यातला १ नोटिशीतच जाणार. हे कलम तुमच्या दाव्याला लागतं की नाही यावर वकील घालतील वाद, आपण मात्र मुदत धरूनच चालायचं. नोटीस याच आठवड्यात बारनिशीत (आवक टपालाच्या खिडकीवर) द्या आणि पोचेवरच्या शिक्क्यात तारीख नीट उमटलीये ना ते तिथंच बघा, पुसट शिक्क्यानं लोकांचं फार नुकसान होतं. सोबतच भूमी अभिलेखकडे मोजणीचा अर्ज टाका, कारण सातबाऱ्यावर क्षेत्र असतं, हद्दीची रेघ नसते. मोजणीला स्वतः हजर राहा, गटार नकाशावर दाखवायला सांगा आणि मोजणीच्या नकाशाची ‘क प्रत’ घ्या. टीडीआर (जागेच्या बदल्यात मिळणारा बांधकामाचा हक्क) देतो म्हणून ताबा पावती पुढे केली तर आधी वकिलाला दाखवा, घाईत सही नको.

आणि “आता जागा आमच्या ताब्यात आहे” असं कोणी ऐकवलं तर घाबरू नका. हिमाचलमध्ये एका बाईंची जमीन १९६७-६८ मध्ये अशीच रस्त्यात गेली, सरकारनं चक्क वहिवाटीनं (इतकी वर्षं ताबा आहे म्हणून) मालकी सांगितली, पण २०२० मध्ये सुप्रीम कोर्टानं ते उडवून लावून भरपाई द्यायला लावली. तेवढं थांबायची वेळ तुमच्यावर येऊ नये एवढंच.

प्रश्न (कोथरूड): बंगल्याच्या साइड मार्जिनमधल्या (बाजूला मोकळी सोडायच्या जागेतल्या) शेडवर पाडायची नोटीस चिकटवलीये. लगेच पाडतील का?

उत्तर: नोव्हेंबर २०२४ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालानंतर आधी १५ दिवसांची नोटीस, मग सुनावणी, मग कारणं दिलेला आदेश, असंच करावं लागतं. शेड रस्त्यावर किंवा फुटपाथवर असेल तर मात्र हे संरक्षण नाही. नोटिशीचा फोटो काढा, मुदतीत लेखी उत्तर द्या, मंजूर नकाशा जोडा. शेड खरंच विनापरवाना असेल तर नियमित करायचा अर्ज करा, खोटं लिहू नका, सुनावणीत उघडं पडतं. हायकोर्टात रिट अर्ज करायची वेळ आलीच तर मुंबईला जावं लागेल, हायकोर्टाच्या कोल्हापूरच्या नव्या बेंचमध्ये पुणे येत नाही.

प्रश्न (हडपसर): महापालिकेच्या अतिक्रमण विभागानं आमचा रस्त्यावर विकायचा माल उचलून नेला. परत मिळतो का?

उत्तर: मिळतो. २०१४ च्या पथविक्रेता कायद्यात जप्त मालाची यादी देणं बंधनकारक आहे, ती मागाच. रीतसर मागणी केल्यावर भाजी-फळं त्याच दिवशी आणि टिकाऊ माल कामाच्या २ दिवसांत सोडायचा असतो, फी मात्र भरावी लागते.

प्रश्न (कात्रज): रस्त्याच्या जागेत आमची टपरी १५ वर्षं आहे. १२ वर्षांनी जागा आपली होते ना?

उत्तर: नाही हो. ते १२ वर्षांचं गणित खासगी जागेचं. सार्वजनिक रस्त्याची जागा परत मागायला महापालिकेला ३० वर्षांची मुदत आहे.