वाचकांचे प्रश्न : काशीचे घाट पायी पाहताना

प्रश्न : सत्तरीच्या आईला नोव्हेंबरमध्ये काशीचे घाट दाखवायचे आहेत. तिचे गुडघे दुखतात. स्वतंत्र मार्गदर्शक घ्यावा का?

उत्तर : अवश्य घ्यावा. समूहाच्या सहलीत इतरांच्या वेगाने चालावे लागते, तर स्वतंत्र मार्गदर्शक आईच्या चालीने चालेल आणि हवे तिथे थांबेल. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाचे ओळखपत्र पाहूनच त्याला ठरवा, मोबदला आधीच बोलून घ्या आणि साड्यांच्या दुकानात जायचे नाही, हेही स्पष्ट सांगा.

दक्षिण टोकाच्या अस्सी घाटापासून सारे घाट चालण्याचा हट्ट धरू नका. पहाटे दशाश्वमेधपासून उत्तरेकडे निघा, कारण मराठी माणसासाठी हाच पट्टा सर्वांत समृद्ध आहे, असे माझे ठाम मत आहे. दशाश्वमेधच्या दक्षिणेला अगदी जवळच अहिल्याबाई घाट आहे. विश्वनाथाचे आजचे मंदिर त्यांनीच १७८० मध्ये बांधून घेतले. मानमंदिर घाटावरच्या महालाच्या गच्चीवर सवाई जयसिंहाची वेधशाळा आहे, पण जिना चढवत नसेल तर ती सोडून द्यावी. मणिकर्णिका हा स्मशानघाट आहे, तिथे छायाचित्रे काढू नयेत. तिथून सिंधिया घाटाकडे जाताना पाण्याच्या कडेला एका बाजूला कललेले रत्नेश्वर महादेवाचे मंदिर दिसते. पावसाळ्यात पाणी त्याच्या गाभाऱ्यात शिरते. पुढे नागपूरकर भोसल्यांचा घाट आणि मग पंचगंगा घाट.

परतताना मात्र पायऱ्या टाळून नावेने या.