क्वार्टरच्या ओट्यावरचे पेशंट

यवतमाळकडच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉक्टर म्हणून रुजू झालास, आनंद वाटला. महिनाभरात एखादा मेडिकलवाला येईल. म्हणेल, "साहेब, मागची खोली रिकामीच आहे, बाजाराच्या दिवशी दोन तास बसा." बसू नकोस. पगारात व्यवसायरोध भत्ता मिळतो ना? तो खासगी प्रॅक्टिस न करण्याचाच मोबदला आहे. शिवाय महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ आहेतच. शासनाच्या परवानगीशिवाय दुसरा धंदा चालत नाही. बंधपत्रावर, म्हणजे शिक्षणानंतरच्या सक्तीच्या सरकारी सेवेवर असशील, तर खासगी प्रॅक्टिसबद्दल नेमणुकीचा आदेश काय म्हणतो ते आज रात्रीच नीट वाच. पाटी बायकोच्या नावाची आणि तपासणार तू, तेही नको.

संध्याकाळी क्वार्टरच्या ओट्यावर माणसं येतील. त्यांना परत पाठवू नकोस. तपास, केसपेपर काढ, रजिस्टरात नोंद कर, पण पैसा घेऊ नकोस. माझ्याकडे एक म्हातारी पदराची गाठ सोडून घामाने ओली झालेली पन्नासची नोट काढत होती. कापूस वेचायची मजुरी. सरकारी कामासाठी अशी नोट घेणं भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियम, १९८८ खाली लाच ठरतं. मला मात्र तेव्हा कायदा आठवला नाही, तिची बोटं दिसली, बोंडांनी चिरलेली. नोट पुन्हा पदरात बांधून दिली आणि बोटांना मलम लावलं.