स्टासीच्या फायली आणि मुलीचं करिअर

सप्रेम नमस्कार.

तुमचं पत्र मिळालं. मुलगी लातूरला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे आणि विषय इतिहास. पूर्व जर्मनीची कम्युनिस्ट राजवट, तिची गुप्त पोलिस यंत्रणा आणि परराष्ट्र धोरण यावर तिला पुढे शिकायचंय. तुमची काळजी अशी, की यात पोट भरेल का, 'कम्युनिझम'चा अभ्यास सरकारी नोकरीत आडवा येईल का, आणि नातेवाईक म्हणतात तसं आधी बी.एड. उरकून घ्यावं का.

मधली शंका मनातून काढून टाका. एखाद्या राजवटीचा अभ्यास करणं म्हणजे तिची तरफदारी नव्हे. पोलिस पडताळणीत गुन्हे आणि खटले बघतात, पदवीचा विषय नाही. परराष्ट्र सेवेत तर अशा अभ्यासाचा उपयोगच होतो. आजचे परराष्ट्रमंत्री जयशंकर यांची पहिली नेमणूक मॉस्कोला होती आणि पुढे ते प्रागला राजदूत होते.

मुलीला या विषयात एवढं काय दिसतं ते कळत नाही, असं तुम्ही लिहिलंय. म्हणून थोडं सविस्तर सांगते.

स्टासी म्हणजे पूर्व जर्मनीचं राज्य सुरक्षा मंत्रालय, स्थापना १९५० सालची. १९८९मध्ये त्याचे सुमारे ९१ हजार पगारी नोकर होते, शिवाय पावणेदोन लाखांहून जास्त खबरे. देशाची लोकसंख्या जेमतेम एक कोटी चौसष्ट लाख. १५ जानेवारी १९९० रोजी लोक बर्लिनमधल्या मुख्यालयात घुसले, म्हणून पुष्कळसं दप्तर नष्ट होण्यापासून वाचलं. आज ते ओळीनं मांडलं तर १११ किलोमीटर भरतं. त्यातून एखादा खबऱ्या शोधायचा कसा? एफ-१६ या कार्डावर माणसाचं खरं नाव, जन्मतारीख, पत्ता आणि नोंदणी क्रमांक असतो, टोपणनाव नसतं. एफ-२२ या कार्डावर तोच क्रमांक आणि टोपणनाव असतं, पण खरं नाव नसतं. दोन्ही कार्डं जुळली तरच माणूस सापडतो. ही रचना मुद्दाम केलेली होती, कारण दप्तर सांभाळणाऱ्या कारकुनालाही सगळं कळता कामा नये.

परदेशात हेरगिरी करणारा एचव्हीए हा विभागही याच मंत्रालयातला. १९७४मध्ये पश्चिम जर्मनीचे चान्सेलर विली ब्रांट यांनी राजीनामा दिला, तो त्यांच्या कार्यालयातला ग्युंटर गियोम हा माणूस एचव्हीएचा हेर निघाल्यावर. १९९०मध्ये एचव्हीएला स्वतःचं दप्तर नष्ट करायची मुभा मिळाली आणि बहुतेक सगळं गेलं. पण त्यांच्या कार्डांच्या मायक्रोफिल्म अमेरिकेच्या सीआयए या गुप्तहेर संस्थेच्या हाती लागल्या होत्या. त्यांच्या प्रती २००३पर्यंत जर्मनीला परत मिळाल्या, आणि मग कित्येक जुनी नावं उलगडली. शेजाऱ्यावरची पाळत आणि दुसऱ्या देशातलं राजकारण ही दोन्ही कामं एरिख मील्के या एकाच मंत्र्याच्या हाताखाली तीस वर्षांहून अधिक काळ चालली. त्यामुळे परराष्ट्र संबंध आणि अंतर्गत सुरक्षा एकत्रच अभ्यासायची, हा तिचा हट्ट अगदी रास्त आहे.

तिला एक गोष्ट मात्र आतापासून सांगून ठेवा. फाईलमध्ये आहे म्हणून ते खरं, असं होत नाही. खबरे सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याला वर काम दाखवायचं असे, मग अहवाल फुगत. आणि कागदांचं राजकारण आपल्याकडेही झालंय. मार्च १९६४मध्ये कम्युनिस्ट नेते श्रीपाद अमृत डांगे यांच्या नावची १९२४ सालची काही पत्रं बाहेर आली. इंग्रजांनी कम्युनिस्टांवर भरलेल्या कानपूर खटल्यात तुरुंगात असताना त्यांनी इंग्रज सरकारला सहकार्य देऊ केलं, असा त्यांचा आशय. ती दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात मिळाल्याचं सांगितलं गेलं. डांगे म्हणाले, बनावट आहेत. त्याच वर्षी कम्युनिस्ट पक्ष फुटला. फुटीची मुळं चीनच्या प्रश्नापर्यंत खोल गेलेली होती, पण त्या पत्रांनी आगीत तेल ओतलं. कागद कुणी लिहिला, कशासाठी लिहिला, इतकी वर्षं कुणाच्या ताब्यात होता, हे विचारायची सवय मुंबईत एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतल्या राज्य पुराभिलेखागारात बसूनही लावून घेता येते. कम्युनिस्ट चळवळीवर इंग्रज पोलिसांनी ठेवलेल्या नोंदी तिथे आहेत.

आता मुद्द्याचं. विषय बदलायला सांगू नका, पण तिला आधी जर्मन शिकू द्या. हे मी अगदी कळकळीनं सांगतेय. जर्मन येत नसेल तर ती आयुष्यभर दुसऱ्यांनी इंग्रजीत लिहिलेलंच वाचत राहील, आणि त्यावर पीएच.डी. झाली तरी तिला विचारणार कोण? स्टासीचे कागद बहुतांशी टंकलिखित आहेत, त्यामुळे बी-२ पातळीनंतर (परकीय भाषेच्या ए-१ ते सी-२ अशा सहा पायऱ्यांतली चौथी) नेटानं वाचता येतात. पुणे विद्यापीठाचा परकीय भाषा विभाग आहे, जर्मन शिकवणारं मॅक्सम्युलर भवन आहे, आणि त्यांचे ऑनलाइन वर्ग लातुरात बसूनही करता येतात. नियमित केलं तर दीड-दोन वर्षांचं काम.

संशोधनाचा विषय निवडताना तिनं भारताची बाजू सोडू नये. नुसत्या स्टासीवर जर्मनीत ढिगानं काम झालंय आणि तिथे तिची बरोबरी घरच्या विद्यार्थ्यांशी होईल. पण पूर्व जर्मनीला जो देश मान्यता देईल त्याच्याशी संबंध तोडू, असं पश्चिम जर्मनीचं १९५५पासूनचं धोरण होतं. म्हणून भारतानं १९७२पर्यंत पूर्व जर्मनीशी व्यापार केला, पण पूर्ण मान्यता दिली नाही. ती मिळवण्यासाठी पूर्व जर्मनीनं इथे काय काय खटपटी केल्या? याची आपली बाजू दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात परराष्ट्र मंत्रालयाच्या इंग्रजी फायलींत आहे. पूर्व जर्मनीच्या परराष्ट्र खात्याचं दप्तर बर्लिनला जर्मन परराष्ट्र मंत्रालयाच्या अभिलेखागारात आहे, आणि स्टासीचं २०२१पासून तिथल्या राष्ट्रीय अभिलेखागाराकडे. परदेशी संशोधकालाही अर्ज करता येतो. पीडितांची नावं झाकून कागद देतात आणि वेळ बराच लागतो. दिल्ली आणि बर्लिन दोन्हीकडचं वाचू शकणारी माणसं फार थोडी आहेत. तिची जागा तिथे आहे.

नोकरीचं स्पष्टच सांगते. प्राध्यापकीच्या कायम जागा कमी आहेत, भरती रखडते, आणि तासिका तत्त्वावर राबण्यात लोकांची उमेदीची वर्षं जातात. फक्त त्या भरवशावर राहू नका. एम.ए. करतानाच नेट ही प्राध्यापकीची पात्रता परीक्षा द्यावी. तिच्यातून जेआरएफ, म्हणजे संशोधनाची शिष्यवृत्ती, मिळाली तर महिना ३७ हजारांची फेलोशिप असते, घराकडे हात पसरावा लागत नाही. दिल्लीतल्या संरक्षण आणि परराष्ट्र धोरणाच्या संशोधन संस्था, परदेशातल्या गुंतवणुकीचे धोके तपासणाऱ्या कंपन्या, पत्रकारिता, यूपीएससी या वाटा आहेत. आणि समजा यातलं काहीच जमलं नाही, तरी सी-१ पर्यंतचं जर्मन फुकट जात नाही. पुण्यातल्या कंपन्यांना भाषांतरकार लागतात, आणि अकरावी-बारावीला जर्मन घेणारी मुलं भरपूर आहेत. बी.एड. नंतरही करता येईल, त्याची घाई नको.

खर्चाचं म्हणाल तर जर्मनीतल्या बहुतेक सरकारी विद्यापीठांत शिकवणी शुल्क नसतं. बाडेन-व्युर्टेमबर्ग राज्यात मात्र परदेशी विद्यार्थ्यांना ते आहे. व्हिसासाठी राहण्या-खाण्याचे वर्षाचे सुमारे १२ हजार युरो आधी खात्यात दाखवावे लागतात. डीएएडी या जर्मन संस्थेच्या शिष्यवृत्त्यांसाठी निदान वर्षभर आधी तयारीला लागावं. जमीन विकायचा विचार तुम्ही पत्रात बोलून दाखवलाय, तो आत्ता अजिबात करू नका. आधी भारतातच एम.ए. होऊ दे, जोडीला भाषा. बी-२ची परीक्षा निघाली आणि दिल्लीच्या फायलींवर तिनं एखादा निबंध लिहिला, की तो मला पाठवा. परदेशी अर्जाचं तेव्हा बसून ठरवू.