टीव्हीवरचा एक्स्पर्ट व्हायला कुठला कोर्स?

नमस्कार ताई, तुमचं पत्र वाचलं. मुलगी एसवायबीएला आहे, हिस्ट्री घेतलंय, गडांचे रील्स करते, आणि आता बीबीसीच्या जुन्या क्लिपमध्ये ब्रिटिश पुरातत्त्वज्ञ मॉर्टिमर व्हीलर बघून म्हणतेय की मला डॉक्युमेंटरीत बोलणारी एक्स्पर्ट व्हायचंय, तर मास कम्युनिकेशनला घालू का, असं तुम्ही विचारलंय.

घाई करू नका. त्या व्हीलरचंच बघा ना. १९५२ ला बीबीसीवर 'अ‍ॅनिमल, व्हेजिटेबल, मिनरल?' सुरू झालं तेव्हा साहेब ६२ वर्षांचे होते! कुठलं तरी म्युझियम एखादी वस्तू पाठवणार, तीन जाणकारांनी ती ओळखायची, तेही लाइव्ह. हा माणूस मिशीला पीळ देत वस्तू हातात फिरवायचा, कड बघायचा, मग सांगायचा कुठली नि कशाची. १९५४ ला ब्रिटनमध्ये टीव्ही पर्सनॅलिटी ऑफ द इयर झाला, आणि पुढच्या वर्षी तोच मान सूत्रसंचालक ग्लिन डॅनियलला, तोही केंब्रिजचा पुरातत्त्ववालाच. पण त्याआधी व्हीलरने इंग्लंडमधला मेडन कासल हा प्राचीन डोंगरी किल्ला खणला होता, १९४४ ते ४८ आपल्या पुरातत्त्व खात्याचा डायरेक्टर जनरल होता, तक्षशिलेला पोरांना खणायला शिकवलं, अरिकामेडू, हडप्पा, ब्रह्मगिरी केलं. म्हणजे कॅमेऱ्यासमोर बसला तेव्हा हाताला तीसेक वर्षांची माती लागलेली होती. आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे सांकलिया सर लंडनला पीएचडी करताना याच मेडन कासलवर शिकले, हे मुलीला सांगा, तिला आवडेल.

आता उलटं उदाहरण पण देतो, नाहीतर म्हणाल एकच बाजू सांगतो. निसर्गाच्या डॉक्युमेंटरीवाला डेव्हिड अ‍ॅटनबरो तेव्हा बीबीसीत प्रोड्युसर होता, १९५४ च्या 'झू क्वेस्ट' या प्राण्यांवरच्या कार्यक्रमात लंडन झूचे जॅक लेस्टर बोलणार होते, ते आजारी पडले म्हणून हा उभा राहिला. नशीबच म्हणा, पण केंब्रिजला झूलॉजी-जिऑलॉजी शिकलेला होता, म्हणून निभावलं.

आणि बोलण्यात पटाईत असलं की चुकतो पण ऐटीत. मोहेंजोदडोत सापडलेल्या सांगाड्यांवरून व्हीलरने आर्यांनी कत्तल केली असं ठोकून दिलं, पुढे अभ्यासकांनी ते सोडून दिलं, पण लोकांच्या डोक्यातून अजून जात नाही. रील्सवाल्या पोरीने हे जरूर वाचावं.

तर माझं मत, ग्रॅज्युएशन पूर्ण होऊ दे, मग डेक्कन कॉलेजला आर्किऑलॉजीत एमए, नंतर ग्रेटर नोएडाला पुरातत्त्व खात्याचा पीजी डिप्लोमा आहे तोही बघा, अ‍ॅडमिशनच्या अटी मात्र थेट त्यांनाच विचारा. मास कम्युनिकेशन नंतर पण करता येतं. आणि खरं सांगू, डॉक्युमेंटरीत बोलून घर चालत नाही, घर चालतं नोकरीवर, कॅमेरा म्हणजे वरची कमाई.

बोलायची सवय मात्र आजपासून. घरात आजीचा अडकित्ता असेल तर तो हातात घ्यायला सांगा, गूगल न करता दोन मिनिटं बोलायचं, धातू कुठला, झीज कुठल्या बाजूला जास्त, म्हणजे वापरणारी उजव्या हाताची होती की डावखुरी. चार जणींना ऐकवा, कुठे कंटाळतात ते बघा. (गडावरचं खापर उचलून घरी आणायचं नाही, हे पण सांगा!)

तिचा शेवटचा रील कुठल्या गडाचा होता आणि त्यातलं स्वतः बघून बोललेलं किती, वाचून घेतलेलं किती, तेवढं विचारून मला कळवा, मग पुढचं बोलू.