वर जायचंय ना, मग आधी ठराव कर

तुझा मेसेज वाचला आणि मग बाकी कामात लक्ष लागेना, म्हणून एकदाचं सगळं लिहूनच काढतो. लेनी रोब्रेडो फिलिपिन्सची उपराष्ट्राध्यक्ष झाली, २०२२ ला राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक हरली आणि २०२५ ला नागा शहराची मेयर झाली, मग ही बाई खाली आली ना, असं तू विचारतोस. आणि त्याच दमात विचारतोस की आमदारांच्या ऑफिसात काम मिळतंय ते घेऊ की नगरपालिकेला उभा राहू. हे दोन प्रश्न नाहीत, एकच आहे. तुझ्या डोक्यात राजकारणाला खालचा मजला आणि वरचा मजला आहे आणि तुला फक्त जिना कुठंय ते हवंय.

लेनीचं कळायला आधी तिच्या नवऱ्याचं बघ. जेसी रोब्रेडो. इंजिनिअर माणूस, मनिलात सान मिगेलसारख्या मोठ्या कंपनीत नोकरी, हुकूमशहा मार्कोसची राजवट गेल्यावर तो बिकोल भागातल्या आपल्या गावी नागाला परत आला आणि १९८८ ला मेयर झाला, तेव्हा वय २९. जिंकला तेही थोडक्यात. शहराची तिजोरी रिकामी, मधल्या बाजारात बसगाड्या आणि जीपन्यांचा (तिकडच्या प्रवासी जीपा) चक्का जाम, जुगाराचे अड्डे उघड चाललेले. त्यानं स्टँड शहराच्या कडेला हलवला, अड्ड्यांच्या मागे लागला, सिटी हॉलमधल्या नेमणुका चिठ्ठीवर न करता लायकी बघून करायला लागला, झोपडपट्टीतल्या लोकांना हक्काची जागा मिळवून द्यायची योजना काढली. ज्या नात्यातल्या वजनदार नेत्याच्या पाठिंब्यावर निवडून आला होता त्याच्याशीच पुढं फाटलं, तरी हा हलला नाही.

आता इथपर्यंतचं तू कुठल्याही रीलमध्ये बघशील. स्लीपर घालून फिरायचा, वादळानंतर स्वतः फावडं घेऊन चिखल काढायचा, त्याचे फोटो तू मला पाठवलेसच. मला त्या फोटोंचं काही नाही. माझा जीव अडकलाय तो १९९५ च्या एका कायद्यात. त्या वर्षी नागा शहरानं स्वतःचा स्थानिक कायदा केला की शहरातल्या संस्था-संघटनांचं मिळून एक पीपल्स कौन्सिल, म्हणजे लोकांची परिषद असेल, त्यांचे प्रतिनिधी नगरपालिकेच्या समित्यांमध्ये बसतील, बोलतील, मत देतील, प्रस्ताव मांडतील. बघ नीट, मेयरची मर्जी असेल तर बोलावतील असं नाही, हक्कानं बसतील. मेयरनं स्वतःच्या हातातली सत्ता स्वतःच कागदावर बांधून टाकली.

म्हणून मी सारखा म्हणतो, ठराव कर. तुला वाटतं काका जुन्या जमान्यातले, कागदाला चिकटलेले. तिकडं मेयरची टर्म तीन वर्षांची आणि सलग तीनच टर्म मिळतात, त्यामुळं १९९८ ला त्याला उतरावंच लागलं. हार्वर्डला जाऊन शिकून आला, २००० साली मॅगसेसे मिळालं (आपल्या विनोबांना १९५८ ला आणि जामखेडच्या आरोळे दांपत्याला १९७९ ला मिळालं तेच), २००१ ला पुन्हा मेयर झाला. मधली तीन वर्षं तो खुर्चीत नव्हता, पण कायदा होता. चांगला माणूस गावाला नशिबानं मिळतो आणि जातोही, त्याचा चांगुलपणा नियमात उतरला नाही तर त्याच्या मागोमाग सगळं उठून जातं.

हे मी पुस्तकातलं सांगत नाहीये. नगरसेवक असताना माझ्या वॉर्डात दर महिन्याला मोहल्ला बैठक व्हायची, टँकरचा आणि गटाराच्या कामाचा हिशेब फळ्यावर लागायचा, बायका बिलं वाचून कंत्राटदाराला प्रश्न विचारायच्या. हेच सगळ्या शहराला लागू करा असा प्रस्ताव मी सभागृहात पुन्हा पुन्हा आणला आणि तो दरवेळी पुढच्या सभेवर ढकलला गेला. मग सोडतीत वॉर्डाचं आरक्षण बदललं, मी बाहेर, आणि फळा दोन महिन्यात पुसला गेला. त्याच काळात मला जिल्ह्याचं पद देत होते, अट एवढीच की हा विषय सोडा. मी नाही सोडला. लोक म्हणतात तेव्हा हो म्हणाला असता तर आज कुठल्या कुठं असता. असेन. पण मग कशासाठी असतो? हे मला अजून कुणी सांगितलेलं नाही, आणि त्या फळ्याचं दुःख मात्र अजून जात नाही.

असो, तुझं बघू. २०१० ला राष्ट्राध्यक्ष बेनिग्नो अक्विनोनं जेसीला गृह आणि स्थानिक स्वराज्य खात्याचा मंत्री केलं. वर गेला म्हणशील. तर पोलिसांचा कारभार प्रत्यक्षात दुसऱ्याच्या हातात ठेवलेला, आणि मंत्री म्हणून नेमणुकीला संसदेच्या आयोगाची मंजुरी त्याला जिवंतपणी मिळालीच नाही. अशा अर्धवट खुर्चीत बसून त्यानं काय केलं? नागात करायचा तेच. देशातल्या नगरपालिका-प्रांतांनी बजेट, खर्च, टेंडर लोकांना दिसेल असं लावायचं, आणि जे लावतील त्यांनाच बक्षीस निधी. पुन्हा नियम! १८ ऑगस्ट २०१२ ला सेबूहून नागाला घरी येताना त्याचं छोटं विमान मासबाते बेटाजवळ समुद्रात पडलं, वय ५४.

लेनी वकील, गरिबांच्या केसेस लढणारी. २०१३ ला खासदार, २०१६ ला मार्कोसच्या मुलाला थोडक्या मतांनी हरवून उपराष्ट्राध्यक्ष, २०२२ ला त्याच्याकडूनच मोठा पराभव. आणि नंतर नागा. ती खाली आली म्हणतोस तेव्हा मला खरंच राग येतो रे. जिथं लोकांना समितीत मत द्यायचा हक्क कायद्यानं आहे त्या शहराची मेयर होणं तुला डिमोशन वाटतं?

आमदारांच्या ऑफिसात जायचं तर जा, मी अडवत नाही, घरची परिस्थिती मला माहितीये आणि पगार लागतो. पण त्यांच्या भाषणांच्या क्लिपा कापत बसशील आणि पाच वर्षांनी तुझ्या नावावर एक नियम नसेल, तर माझ्याकडं रडत येऊ नकोस. येशील तर चहा मिळेलच, पण ऐकवल्याशिवाय सोडणार नाही.

आत्ता एक कर. तुमच्या गल्लीत पाणी कधी येणार ते वॉलमनच्या मर्जीवर आहे, हे तूच सांगितलंस. ते वेळापत्रक आणि टँकरच्या फेऱ्या दर आठवड्याला वॉर्डात लावायच्या, असा एक पानी ठराव लिही. कोण लावेल, कधी, नाही लावलं तर कुणाला जाब विचारायचा, तिन्ही गोष्टी त्यात पाहिजेत. रविवारपर्यंत पाठव, मी खाडाखोड करून देतो, आणि सभागृहात मांडायला एखादा नगरसेवक आपण दोघं मिळून गाठू.